बार्शी लाईट गेली, पण तिची वाट कुणाची?

मिरज ते लातूर या पट्ट्यात एक रेल्वे आहे आणि एक रेल्वे होती. जी आहे तिचे रूळ, विजेच्या तारा आणि सिग्नल सर्वांना दिसतात. जी होती तिचे रूळ उचलून नेले. पण तिचा भराव, तिच्या दगडी मोऱ्या आणि मोजणीच्या नकाशातला तिचा पट्टा पुष्कळ ठिकाणी तसाच राहिला आहे. आज या पानावर त्या दुसऱ्या रेल्वेबद्दल लिहायचे आहे. गाडी गेली म्हणून जमीन कुठे जात नाही. आणि जमिनीचा विषय निघाला की गावात काय होते, हे तुम्हाला आम्ही काय सांगावे?

जुन्या लाईनचा शोध घेणे हा हौशी माणसांचा उद्योग आहे असे अनेकांना वाटते. तो तसा नाही. ज्यांच्या बांधाला ही लाईन लागून आहे, ज्यांचे ओढ्याचे पाणी तिच्या मोरीतून जाते, ज्यांची शेतात जायची वाट तिच्या भरावावरून आहे, त्या सर्वांचा हा रोजचा प्रश्न आहे. तो आज सोडवला नाही तर पुढच्या पिढीला तो कोर्टात सोडवत बसावा लागेल.

ही लाईन झाली कशी

आधी थोडा मागचा हिशेब. पुणे-सोलापूर ही मोठी रेल्वे १८६० च्या सुमारास झाली, तेव्हा बार्शीसारखी कापसाची आणि धान्याची मोठी पेठ तिच्यापासून सुमारे ३५ किलोमीटर बाजूला राहिली. आजच्या कुर्डुवाडी स्टेशनचे त्या वेळचे नाव होते ‘बार्शी रोड’. बार्शीचा माल तिथपर्यंत बैलगाड्यांनी यायचा. पावसाळ्यात काळ्या रानातून भरलेली गाडी ओढताना बैलांचे काय हाल होत असतील, ते ज्याने बैल जुंपले आहेत त्यालाच कळेल.

ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेत काम केलेले एव्हरार्ड कॅलथ्रॉप नावाचे एक इंग्रज इंजिनिअर होते. त्यांनी १८९५ मध्ये लंडनला बार्शी लाईट रेल्वे कंपनी काढली आणि १८९७ मध्ये बार्शी रोड ते बार्शी टाऊन अशी गाडी सुरू झाली. रुळांमधले अंतर फक्त अडीच फूट, म्हणजे ७६२ मिलिमीटर. आजच्या ब्रॉडगेजमध्ये हे अंतर १,६७६ मिलिमीटर आहे, म्हणजे दुपटीहून जास्त.

कॅलथ्रॉप साहेबांचे डोके हिशेबी होते. हलके रूळ टाकायचे, पण गाडी माल भरपूर वाहील अशी करायची, हे त्यांनी ठरवले. त्यासाठी त्यांनी एक नियम घातला: इंजिन असो की डबा, कोणत्याही एका आसावर पाच टनांपेक्षा जास्त वजन पडता कामा नये. बैलगाडीत सगळे ओझे एकाच आसावर येते म्हणून चाक चिखलात रुतते. तेच ओझे चार आसांवर वाटले तर जमीन ते सोसते. एवढी साधी गोष्ट. या नियमावर त्यांनी जास्त चाकांची इंजिने आणि पोलादी डबे तयार करवून घेतले. अरुंद रुळांवरही मालाची मोठी वाहतूक होऊ शकते हे बार्शीच्या रानात सिद्ध झाले आणि जगभरच्या छोट्या रेल्वेवाल्यांनी त्याची दखल घेतली.

पुढे लाईन वाढत गेली. १९०६ मध्ये ती कुर्डुवाडीहून पंढरपूरला गेली आणि वारकऱ्यांची सोय झाली. १९११ मध्ये दुसऱ्या बाजूने ती लातूरला पोचली. १९२७ मध्ये पंढरपूरहून सांगोला, ढालगाव, कवठे महांकाळ करत मिरजेला भिडली. एकूण लांबी झाली २०२ मैल, म्हणजे सुमारे ३२५ किलोमीटर. आणि ही लाईन एका राज्यातून जात नव्हती हे लक्षात घ्या. बार्शी इंग्रजांच्या मुलखात, धाराशिव आणि लातूर निजामाच्या राज्यात, मिरज पटवर्धनांच्या संस्थानात. त्यामुळे जमिनीचे कागदही वेगवेगळ्या दप्तरांत आणि वेगवेगळ्या लिप्यांत झाले. आजच्या गोंधळाचे एक मूळ इथे आहे.

१९५४ मध्ये भारत सरकारने ही कंपनी विकत घेतली आणि लाईन मध्य रेल्वेत आली. त्यानंतर जवळजवळ पन्नास वर्षे हीच छोटी गाडी आपल्या तीन-चार जिल्ह्यांची चाकरी करत राहिली.

रुंदीकरणात काय झाले

पुढे मागणी झाली, मोर्चे निघाले, निवेदने गेली आणि लाईन ब्रॉडगेज करण्याचे ठरले. काम तुकड्या-तुकड्याने झाले. कुर्डुवाडी-पंढरपूर आधी झाले. लातूर ते उस्मानाबाद, म्हणजे आताचे धाराशिव, हा भाग २००७ मध्ये सुरू झाला आणि उस्मानाबाद ते कुर्डुवाडी २००८ मध्ये. पंढरपूर-मिरज हा तुकडा त्यानंतर पुरा झाला. जिल्ह्याचे ठिकाण असून धाराशिव जुन्या लाईनवर नव्हते. नव्या आखणीत ते आले.

याचे मोल किती, ते २०१६ च्या दुष्काळात सर्वांनी पाहिले. लातूर शहराला पाणी नव्हते. एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून पाण्याने भरलेली रेल्वे निघाली आणि पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी करत सुमारे ३४० किलोमीटर चालून लातूरला पोचली. पहिल्या खेपेला १० टाक्या होत्या आणि सुमारे ५ लाख लिटर पाणी. पुढे ५० टाक्यांची गाडी येऊ लागली. पाच टनांच्या आसाच्या जुन्या लाईनवर एवढे पाणी इतक्या झपाट्याने आले नसते. फेब्रुवारी २०२३ मध्ये औसा रोड ते लातूर रोड या तुकड्याचे विद्युतीकरण झाले आणि त्याबरोबर मध्य रेल्वेचे सगळे ब्रॉडगेज मार्ग विजेवर आले. छोटी गाडी जिथे संपायची त्या लातूरला आता रेल्वेचे डबे बनवण्याचा कारखाना उभा आहे.

तेव्हा रुंदीकरण चुकले असे आमचे म्हणणे मुळीच नाही. जुनी गाडी परत आणा, असेही नाही. आमचे म्हणणे एवढेच आहे की, नव्या लाईनचा हिशेब सरकारने केला, जुन्या लाईनचा हिशेब मात्र गावपातळीवर कुणीच पुरता केलेला नाही.

जुनी लाईन चार रूपांत सापडते

छोटी गाडी तीव्र वळण घेऊ शकते. मोठ्या गाडीला वळण लांब आणि चढ सौम्य लागतो. म्हणून नवी लाईन जुनीवरच टाकली असे सगळीकडे झालेले नाही. तुमच्या शिवारात जुनी लाईन चारपैकी कोणत्या तरी एका रूपात असेल.

पहिले रूप: जुन्या भरावावरच माती वाढवून, तो रुंद करून ब्रॉडगेज टाकले. तिथे जुने असे वेगळे काही उरलेले नाही. प्रश्न फक्त नव्या लाईनचे.

दुसरे रूप: नवी लाईन जुनीला समांतर, थोड्या अंतरावर गेली. जुना भराव बाजूला तसाच राहिला. म्हणजे ओढ्याच्या पाण्याला आता एक नाही, दोन बांध ओलांडायचे आहेत.

तिसरे रूप: नव्या लाईनने वळण कापले आणि जुनीचा तुकडा शेतांच्या मधोमध एकटा पडला. हा तुकडा कुठे झाडोऱ्यात गेला, कुठे नांगराखाली, कुठे त्यावरून वाट पडली.

चौथे रूप: लाईन गावातून किंवा शहरातून जायची, ती बाहेर गेली. लातुरात स्टेशन शहराबाहेर गेले आणि ‘जुनी रेल्वे लाईन’ हे आता एका पत्त्याचे नाव होऊन बसले. जिथे इंजिन शिट्टी मारायचे तिथे आज दुकाने आणि रहदारी आहे.

तुमच्या गावात यातले कोणते रूप आहे, हे ठरवायला बाहेरचा तज्ज्ञ बोलवायची गरज नाही. उन्हाळ्यात रान मोकळे असते तेव्हा चार जाणती माणसे बरोबर घ्या आणि चाला.

खुणा कशा ओळखायच्या

रेल्वेचा पट्टा बांधांना जुमानत नाही. शेताचे बांध काटकोनात, वेडेवाकडे, वाटणीप्रमाणे असतात. रेल्वेचा पट्टा सरळ जातो आणि वळलाच तर लांबवर हळूहळू वळतो. त्याचा चढ-उतार कधी एकदम नसतो. आजूबाजूचे रान खाली-वर झाले तरी हा पट्टा आपली पातळी धरून असतो: सखल जागी भराव, उंच जागी खोदाई. बार्शीकडून येडशीकडे बालाघाटचा चढ आहे. अशा ठिकाणी पट्टा पाहिला की त्या काळच्या आखणीची करामत कळते.

दुसरी खूण खडीची. काळ्या रानात एका ओळीत फुटलेल्या काळ्या दगडाची खडी लागली तर ती कुणी हौसेने टाकलेली नाही. तिसरी खूण मोरीची. घडीव दगडाची, चुन्यात बांधलेली छोटी मोरी ओढ्यावर एकटीच उभी दिसली तर तिच्या दोन्ही बाजूंना लाईन शोधा. चौथी खूण हद्दीच्या दगडांची. आणि पाचवी खूण म्हाताऱ्या माणसांच्या बोलण्यातली. ‘फाटकाचे रान’, ‘लाईनीखालचा तुकडा’, ‘ठेसनाची विहीर’ अशी नावे तोंडात असतील तर ती विनाकारण पडलेली नसतात.

पण डोळ्यांनी पाहिलेले कागदावर बसवले पाहिजे. गावनकाशा, गटाचा फाळणी नकाशा, आकारबंद आणि सातबारा ही चार कागदपत्रे समोर ठेवा. जुने अभिलेख स्कॅन करून शासनाने संगणकावर आणले आहेत. गावातला कोणताही शिकलेला पोरगा ते मोबाईलवर शोधून देईल. उपग्रहाच्या चित्रात तर जुनी लाईन पुष्कळदा जमिनीवरच्यापेक्षा स्पष्ट दिसते. पिकाच्या रंगात फरक पडतो, एक लांब फिकट रेघ उमटते. ती रेघ आणि गावनकाशातला पट्टा जुळतो का, ते पाहा. जिथे जुळत नाही तिथे एक तर नकाशा जुना आहे, नाही तर कुणी तरी सरकले आहे.

पाणी अडते ते कुठे

आता शेतकऱ्याच्या खऱ्या दुखण्याकडे येऊ. जुन्या लाईनच्या मोऱ्या ज्यांनी बांधल्या त्यांनी ओढे पाहून बांधल्या होत्या. रुंदीकरणात नव्या मोऱ्या झाल्या, पूल झाले. पण जिथे जुना भराव बाजूला उभाच राहिला आणि जुनी मोरी मातीने, काट्याकुट्याने बुजली, तिथे पाणी नव्या मोरीतून येते आणि जुन्या भरावाला अडते. मग ते वरच्या अंगाच्या शेतात साचते. काळ्या रानात चार दिवस पाणी उभे राहिले तर सोयाबीन पिवळे पडते, तूर उधळते. शेतकरी रेल्वेला शिव्या देतो. पण ज्या भरावाने पाणी अडवले त्यावरून वर्षानुवर्षे रेल्वे गेलेलीच नसते.

उलटही होते. कुणी तरी जुना भराव मुरमासाठी रात्रीतून उचलतो. वरच्याची सोय झाली, पण जे पाणी आतापर्यंत मोरीतून बेताने यायचे ते एकदम खालच्या शेतावर लोटते. बांध फुटतात, माती वाहून जाते आणि दोन भावकीत भांडण लागते. एकाचा मुरूम, दुसऱ्याची माती.

तेव्हा पहिले काम साधे आहे. मृगाच्या आधी आपल्या शिवारातल्या जुन्या मोऱ्या मोजा. चालू किती, बुजलेल्या किती, फुटलेल्या किती, कोणत्या गटाला लागून, याची यादी करा. ही यादी ग्रामपंचायतीच्या ठरावाला जोडा आणि एक प्रत तहसीलदारांना, एक रेल्वेच्या मंडल कार्यालयाला पाठवा. या मार्गाचा बहुतांश भाग सोलापूर मंडलात आहे. तोंडी सांगितलेले वाऱ्यावर जाते. पोच घेतलेला कागद पाच वर्षांनीही बोलतो.

नव्या लाईनखालच्या भुयारी मार्गांचेही तेच. फाटके काढून भुयारी मार्ग केले तेव्हा अपघात टळले हे खरे. पण जिथे पावसाळ्यात त्यात पाणी भरते तिथे ऊस, दूध, शाळेची पोरे सगळेच अडकतात. जुना भराव आणि जुनी मोरी कुठे आहे हे माहीत असेल तर त्या पाण्याला बाहेर काढायची वाट सापडू शकते. म्हणजे जुन्या लाईनचा नकाशा नव्या लाईनच्या कामाला येतो तो असा.

‘आमचीच जमीन होती’ याचा अर्थ

आता नाजूक विषय. पणजोबांची जमीन रेल्वेने घेतली, रेल्वे गेली, मग जमीन आमची, असे सरळ गणित अनेक जण मांडतात. भावना समजण्यासारखी आहे. काही घरांचा एक पट्टा छोट्या लाईनला गेला, नंतर दुसरा मोठ्या लाईनला. एकाच गटाचे दोनदा तुकडे झाले. त्याला राग येणारच.

पण कायदा काय म्हणतो ते स्पष्ट सांगितले पाहिजे, नाही तर आम्ही वाचकांची फसवणूक केली असे होईल. रीतसर संपादित होऊन सरकारकडे गेलेली जमीन, मूळ काम संपले म्हणून आपोआप मूळ मालकाकडे परत येत नाही. ती दुसऱ्या सार्वजनिक कामाला वापरता येते किंवा रीतसर विल्हेवाट लावता येते, असेच न्यायालयांनी वेळोवेळी धरले आहे. २०१३ च्या भूसंपादन कायद्यात कलम १०१ आहे. पाच वर्षे जमीन न वापरता पडून राहिली तर ती मूळ मालकाला किंवा सरकारच्या जमीन पेढीकडे जाते, असे ते सांगते. पण शंभर वर्षांपूर्वीच्या संपादनाला ते कलम चिकटवता येत नाही.

दुसरी समजूत: दहा-बारा वर्षे वहिवाट केली की जमीन नावावर होते. खासगी जमिनीच्या दाव्यांतली १२ वर्षांची मुदत सरकारी जमिनीला लागत नाही. सरकारविरुद्ध ती ३० वर्षांची आहे. २००० नंतर ज्या तुकड्यावरची गाडी बंद झाली, तिथे बंद झाल्यानंतरच्या वहिवाटीची ३० वर्षे अजून कुणाचीच भरलेली नाहीत. शिवाय रेल्वेची जागा ही सार्वजनिक जागा आहे आणि १९७१ च्या कायद्याखाली तिथून अतिक्रमण काढता येते. वीस वर्षे कष्ट करून, विहीर पाडून, द्राक्षबाग लावून मग नोटीस आली तर कुणाच्या दारात जाणार?

म्हणून कळकळीने सांगतो. असा पट्टा कुणी साध्या स्टॅम्पवर विकत देत असेल तर घेऊ नका. सातबारावर कब्जेदार कोण ते पाहा, मोजणी करून घ्या, मगच बोला. आणि ज्यांची नावे चुकून रेल्वेच्या नावाखाली गेली असतील, म्हणजे संपादन झालेच नव्हते किंवा कमी झाले होते, त्यांनी गप्प बसू नये. निवाड्याची प्रत, फाळणी नकाशा आणि जुने फेरफार काढा. मराठवाड्यातले जुने कागद उर्दूत, इकडचे मोडीत असू शकतात. वाचणारी माणसे आता थोडी उरली आहेत. ती आहेत तोवर वाचून घ्या. माहितीच्या अधिकारात रेल्वेकडे आपल्या गावच्या हद्दीतला जमीन नकाशा मागता येतो. अर्ज करायला वकील लागत नाही.

पाणंद म्हणून विचार करा

मग या पट्ट्याचे करायचे काय? आमच्या मते शेतरस्ता हा सर्वांत चांगला उपयोग आहे. बघा ना, पाणंदीसाठी एकेक फूट जमीन मिळवताना सरपंचाच्या तोंडाला फेस येतो. बांधावरून वाट द्या म्हणून मामलेदार कोर्ट कायद्याखाली किंवा महसूल अधिनियमाच्या कलम १४३ खाली दावे पडून राहतात. आणि इथे तर सरळ, उंचावरचा, चिखल न होणारा, मोऱ्या असलेला पट्टा आयता पडला आहे. ऊस, कांदा, द्राक्ष काढायला याहून चांगली वाट कोणती?

पण ती जागा रेल्वेची आहे. ग्रामपंचायतीला ती मागावी लागेल: हस्तांतर, भाडेपट्टा, परवाना, जे नियमात बसेल ते. पैसे किती, अटी काय, हे रेल्वे ठरवणार. एकट्या गावाने मागितले तर फाईल टेबलावर राहते. एका तुकड्यावरच्या आठ-दहा गावांनी एकाच वेळी, एकाच मसुद्याचा ठराव केला, आमदार-खासदारांमार्फत पाठवला, तर तिला पाय फुटतात. राज्याची २०२१ पासूनची मातोश्री ग्रामसमृद्धी शेत-पाणंद रस्ते योजना खडीकरणासाठी आहे. पण आधी जागेचा हक्क लागेल. जागा दुसऱ्याची आणि रस्ता आपला, असे काम कोणताही अभियंता मंजूर करणार नाही.

आणि जिथे रस्ता शक्य नाही तिथे निदान झाडे राहू द्या. जुन्या भरावावर बाभूळ, लिंब, बोर आपसूक वाढले आहे. शेळ्या-मेंढ्यांना सावली आणि पाखरांना जागा मिळते. तेही काही थोडे नाही.

विदर्भाकडे आणि खानदेशाकडे पाहा

आपल्या लाईनचे निदान रुंदीकरण झाले. सगळ्यांच्या नशिबी तेही आले नाही. वऱ्हाडातली ‘शकुंतला’ घ्या. मूर्तिजापूर हे जंक्शन, एक फाटा यवतमाळला ११३ किलोमीटर, दुसरा अचलपूरला ७६ किलोमीटर. कापूस मोठ्या लाईनवर आणून मुंबई बंदराकडे धाडायचा, यासाठी किलिक-निक्सन या इंग्रजी व्यापारी घराण्याने ती बांधली. बाकीच्या रेल्वे सरकारजमा झाल्या, पण ही लाईन खासगी मालकीची राहिली आणि गाड्या मात्र सरकारी रेल्वे चालवत राहिली. १९९४ पर्यंत तिच्यावर वाफेचे इंजिन होते. मालकी एकाची आणि गाडी दुसऱ्याची, मग दुरुस्तीवर खर्च कोण करणार? रूळ कमजोर झाले, वेग मंदावला आणि २०१० नंतरच्या दशकात गाड्या बंद पडल्या. रुंदीकरणाच्या घोषणा झाल्या, लोकांची आंदोलने झाली, पण शकुंतला धावत नाही.

खानदेशात पाचोरा-जामनेर ही ५६ किलोमीटरची छोटी लाईन २०२० पर्यंत चालू होती. टाळेबंदीत गाडी थांबली ती थांबलीच. आता तिथे रुंदीकरणाचे काम हाती घेतले आहे. म्हणजे आपण बार्शी लाईटबाबत वीस वर्षांपूर्वी ज्या वळणावर होतो, तिथे जामनेरचे शेतकरी आज आहेत. रूळ उचलण्याआधी मोऱ्या, वाटा आणि हद्दीची यादी करून घ्या, एवढा निरोप तिकडच्या पाहुण्यांना जरूर द्या.

आणि आपल्याच दारातले उदाहरण विसरू नका. सोलापूर-तुळजापूर-धाराशिव या नव्या लाईनचे काम सुरू आहे. तिच्यासाठी जमिनी गेल्या आहेत. ज्या गावांतून ती जाते त्यांनी मोबदल्याचा विचार केला, तो करायलाच हवा. पण मोबदला एकदा मिळतो, पाणी दरवर्षी येते. कोणत्या ओढ्यावर मोरी, तिची रुंदी किती, तुटलेल्या शेताला वाट कोणती, उरलेला त्रिकोणी तुकडा कुणाचा, हे आत्ताच लिहून घेतले नाही तर तीस वर्षांनी नातवंडे हाच लेख पुन्हा वाचतील.

ग्रामसभेपुढे ठेवायची पाच कामे

बोलण्यापेक्षा करणे बरे. सरपंच, ग्रामपंचायत अधिकारी आणि ग्राम महसूल अधिकारी, ज्यांना आपण अजून तलाठीच म्हणतो, यांनी येत्या ग्रामसभेपुढे एवढे ठेवावे.

एक: गावच्या हद्दीतल्या जुन्या लाईनची शिवारफेरी. बरोबर दोन वृद्ध आणि दोन तरुण. वृद्धांना जागा माहीत असते, तरुणांना मोबाईलवर नकाशा काढता येतो.

दोन: गटवार यादी. कोणत्या गटातून पट्टा जातो, लांबी किती, आज तिथे काय आहे: पीक, झाडी, रस्ता, घर की उकिरडा. नावे लिहिताना कुणाची बदनामी करायची नाही. जे आहे ते लिहायचे.

तीन: मोऱ्यांची यादी आणि पावसाळ्यापूर्वीची सफाई. जागा रेल्वेची असल्याने आधी लेखी कळवायचे, मग त्यांच्या परवानगीने हात लावायचा.

चार: भूमी अभिलेख कार्यालयाकडे हद्द मोजणीची मागणी. खर्च येतो. पण दहा शेतकऱ्यांनी मिळून भरला तर कुणाला जड जात नाही, आणि कोर्टाच्या एका तारखेपेक्षा तो स्वस्तच पडतो.

पाच: शेजारच्या गावांबरोबर एकत्र ठराव. लाईन शिवेवर थांबत नव्हती, मग ठरावाने तरी का थांबावे?

यातल्या एकाही कामाला सरकारी आदेशाची वाट पाहावी लागत नाही. बैल गेला अन् झोपा केला, अशी आपली जुनी खोड आहे. इथे बैल म्हणजे गाडी केव्हाच गेली. पण तिची वाट अजून शिवारात पडलेली आहे, तिच्या मोऱ्या अजून उभ्या आहेत, तिला ओळखणारी माणसे अजून पारावर बसतात. एक-दोन पावसाळे गेले की एखादी मोरी ढासळते. एक-दोन वर्षे गेली की एखादा जाणता माणूस जातो. त्या आधी त्यांच्याबरोबर एकदा लाईन चालून घ्या, आणि जे सापडेल ते कागदावर उतरवा. ग्रामपंचायतीच्या दप्तरात अशा नोंदीला चार पाने लागतील. तेवढी जागा नक्की निघेल.